मनीऑर्डरची पोच : गिरणगावातल्या एकटेपणाचा इतिहास

वडिलांची पत्र्याची ट्रंक त्यांच्या मागे सहा वर्षे गावच्या घरात माळ्यावर पडून होती. गेल्या मे महिन्यात घर शाकारायला काढले, तेव्हा ती खाली उतरवावी लागली. आत दोन सदरे, गिरणीचा बिल्ला, हरिपाठाची लहान पोथी आणि सुतळीने बांधलेला कागदांचा एक गठ्ठा निघाला. पत्रे असतील असे वाटून मी तो घाईघाईने सोडला. पत्रे नव्हती. मनीऑर्डरच्या पोचपावत्या होत्या, १९५७ पासून १९८१ पर्यंतच्या. मधले काही महिने गळालेले, बाकी सगळ्या तारीखवार लावलेल्या. जवळजवळ प्रत्येक पावतीवर शाईचा एक अंगठा होता. तो आईचा.

ज्यांनी मनीऑर्डरचा फॉर्म कधी हाताळला नाही अशा तरुण वाचकांसाठी थोडे सांगायला हवे. आपल्याकडे टपाल खात्याने मनीऑर्डरचे काम १८८० मध्ये हाती घेतले. फॉर्मचा मुख्य भाग खात्याच्या हिशेबासाठी असे. दुसरा भाग पोचेचा. पैसे घेणाऱ्याने त्यावर सही करायची किंवा अंगठा उठवायचा आणि तो तुकडा पैसे पाठवणाऱ्याकडे परत जायचा. तिसरा भाग म्हणजे कूपन. त्यावर चार ओळी मजकुराची जागा असे आणि ते पैसे घेणाऱ्याकडे राहत असे. म्हणजे दर महिन्याला मुंबईहून गावाकडे चार ओळी यायच्या आणि गावाहून मुंबईला एक अंगठा जायचा. आईने कूपने बिस्किटांच्या डब्यात ठेवली होती, हे मला लहानपणापासून ठाऊक होते. वडिलांनी अंगठे जपून ठेवले होते, हे मला वयाच्या छप्पन्नाव्या वर्षी कळले.

मी शिकलेला इतिहासकार नाही. आयुष्यभर हिशेबनिसाची नोकरी केली आणि गेली बारा-तेरा वर्षे सुट्टीच्या दिवशी ग्रंथालयांत बसून मुंबईच्या गिरणगावाविषयी मिळेल ते वाचत आलो. या वाचनामागे एक घरगुती तक्रार होती. वडील माझ्याशी बोलत नसत. रागावत नसत, मारत नसत. फक्त बोलत नसत. गणपतीला आणि शिमग्याला येणारे, खाऊचा पुडा हातात देऊन ओट्यावर बसून राहणारे एक चाकरमानी गृहस्थ, एवढीच माझ्या मनात त्यांची ओळख होती. माणूस मुळातच कोरडा, असे मी ठरवून टाकले होते. हा कोरडेपणा त्यांचा स्वभाव होता की शहराने तो त्यांना शिकवला, या प्रश्नाच्या मागे जाता जाता जे हाती लागले ते या लेखात मांडतो आहे.

(१)

मुंबईतली पहिली कापडगिरणी उभी करण्यासाठी कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ मध्ये कंपनी काढली आणि दोन वर्षांनी ताडदेवला ती गिरणी सुरू झाली. पुढच्या साठ-सत्तर वर्षांत ताडदेव, भायखळा, लालबाग, परळ, वरळी, डिलाईल रोड असा गिरण्यांचा आणि चाळींचा सलग पट्टा तयार झाला. या पट्ट्यात माणसे किती दाटीने राहत, याबद्दल पुष्कळ लिहिले गेले आहे. १९२१ च्या खानेसुमारीच्या वेळी शहरातले सुमारे दोन तृतीयांश लोक एका खोलीच्या बिऱ्हाडात राहत होते. सरकारच्या डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने त्याच दशकात वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी इथे मिळून २०७ चाळी बांधल्या. आपण त्यांना बीडीडी चाळी म्हणतो. त्यांतली खोली १६० चौरस फुटांची आणि एका चाळीत अशा ८० खोल्या.

पण दाटीच्या आकड्यांपेक्षा मला दुसरा एक आकडा जास्त बोलका वाटतो. त्याच १९२१ साली मुंबईत दर हजार पुरुषांमागे स्त्रियांची संख्या सव्वापाचशेच्या घरात होती. शहरातल्या पाच माणसांपैकी चारांहून अधिक जण शहराबाहेर जन्मलेले होते आणि त्यांत रत्नागिरी जिल्ह्याचा वाटा फार मोठा होता. (आजचा सिंधुदुर्ग १९८१ पर्यंत रत्नागिरीतच होता.) हे दोन्ही आकडे एकत्र वाचले की चित्र स्पष्ट होते. भोंगा वाजल्यावर गिरणीच्या दारातून जो लोंढा बाहेर पडे, त्यातल्या असंख्य पुरुषांचे घर त्या शहरात नव्हतेच. बायको, मुले, म्हातारी आई, गुरे, भाताचे चार कुणगे, सगळे बोटीने एक रात्र-दीड दिवसाच्या अंतरावर. दाटी होती, पण ती परक्यांची दाटी होती.

बायकामुलांना मुंबईत का आणले नाही, असा प्रश्न मी वडिलांना एकदा विचारला होता. ‘परवडत नव्हतं,’ एवढेच उत्तर मिळाले. पुढे वाचताना त्या उत्तराचा अर्थ कळत गेला. गिरणीतली नोकरी बहुतेकांना बदलीवर सुरू करावी लागे. रोज सकाळी गेटवर उभे राहायचे, कुणी गैरहजर असेल तर काम मिळायचे, नाहीतर परत फिरायचे. जॉबरची मर्जी सांभाळायची. अशा कमाईवर मुंबईत बिऱ्हाड मांडणे अवघड होते आणि गावची जमीनही पोटापुरती नव्हती. दोन अपुऱ्या उत्पन्नांची गाठ मारून एक संसार उभा करायचा, ही त्यामागची रीत. १९२९ मध्ये नेमलेल्या आणि जे. एच. व्हिटले अध्यक्ष असलेल्या शाही कामगार आयोगाने १९३१ च्या अहवालात म्हटले की मजूर शहराच्या ओढीने येत नाही, गावातून ढकलला जातो म्हणून येतो. त्याच आयोगाला कामगाराचे गावाशी असलेले नाते टिकवण्याजोगे वाटले. यात हिशेबही दडलेला होता. कामगाराचे आजारपण, म्हातारपण, बेकारीचे दिवस आणि मुलांचे संगोपन गाव सांभाळत असेल, तर तो खर्च गिरणीला पडत नव्हता, सरकारलाही नाही. माझ्या आईने भात लावून, गुरे राखून, सासू-सासऱ्यांचे करून जे काढले, ते एका अर्थी गिरणीच्या हिशेबात न लिहिलेले श्रम होते.

(२)

असा विभागलेला संसार घेऊन मुंबईत राहणाऱ्या पुरुषांनी आपल्यासाठी काय उभे केले, हे पाहण्यासारखे आहे.

सर्वांत आधी गावकीची खोली. कुणी तिला गाळा म्हणत, कुणी बैठकीची खोली. एका गावच्या किंवा वाडीच्या लोकांनी मिळून ती घ्यायची आणि भाडे वाटून घ्यायचे. एका खोलीत तीस-तीस माणसांच्या वळकट्या आणि ट्रंका असत. हे शक्य होई ते पाळ्यांमुळे. पहिल्या पाळीचा माणूस उठला की रातपाळीचा येऊन त्याच जागी पाठ टेकायचा. उन्हाळ्यात गॅलरी, गच्ची आणि फुटपाथ हीच झोपण्याची जागा. धोबीतलाव-माझगाव भागांत गोव्याच्या खलाशांची आणि नोकरदारांची जी कुडे होती, त्यांची घडण अशीच. गावच्या नावाने चालणारे कूड, भिंतीशी ओळीने ट्रंका, नाममात्र भाडे आणि संध्याकाळी सगळ्यांनी मिळून म्हणायचा रोझरीचा जप. आमच्याकडे जपाच्या जागी भजन होते. खोलीत खुंटीला मृदंग आणि टाळ टांगलेले असत.

दुसरी गोष्ट खानावळ. गिरणगावातल्या असंख्य बायका, त्यांत विधवा आणि नवऱ्याने टाकलेल्याही पुष्कळ, पहाटे उठून दहा-वीस पुरुषांचा स्वयंपाक करत. हिशेब महिन्याचा. संपाच्या काळात पगार थांबला तरी अनेकींनी उधारीवर जेवू घातले. या बायकांना कुणी कामगार मानत नव्हते. प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन करून त्यांना संघटित केले आणि बँकेचे कर्ज मिळवून दिले, तेव्हा कुठे त्यांच्या श्रमाची दखल घेतली गेली. वडिलांच्या खानावळवाल्या मावशींना मी लहानपणी एकदा पाहिले होते. वडिलांना आमटीत कोकम किती लागते, हे त्या माझ्या आईपेक्षा जास्त जाणत होत्या.

तिसरे म्हणजे मुंबई मंडळ. आमच्या गावच्या मंडळाची इतिवृत्ताची एक जुनी वही मला एका वृद्ध सभासदाकडे पाहायला मिळाली. तीत बहुतेक ठराव देवळाच्या कळसाचे, शाळेच्या कौलांचे आणि पाण्याच्या विहिरीचे आहेत. पण मधूनमधून वेगळ्या जातीचे ठराव भेटतात. सभासद इस्पितळात असेल तर पाळी सांभाळून दोघांनी आळीपाळीने त्याच्याजवळ बसावे. मयत झाल्यास प्रत्येकाने ठरलेली वर्गणी त्याच दिवशी खजिनदाराकडे द्यावी. गावी कळवण्यासाठी तार करावी आणि तारेचा खर्च मंडळाने करावा. नवीन मुलगा मुंबईत उतरला की त्याला बोटीवरून उतरवून घ्यायला कुणी जायचे, त्याचे नावही आधीच ठरलेले.

ही वही वाचताना मी बराच वेळ थांबलो. आपण एकटेपणाला मनाची अवस्था समजतो. त्या लोकांनी त्याची वर्गणी ठरवली होती, पाळी लावली होती आणि जबाबदार माणसाचे नाव वहीत लिहून ठेवले होते. तिसरी-चौथी शिकलेल्या माणसांनी शंभर वर्षांपूर्वी एवढे ओळखले होते की परक्या शहरात माणूस आजारी पडला किंवा मेला तर ती त्याची एकट्याची बाब राहू देता कामा नये.

(३)

हे सारे लिहिताना गतकाळाविषयी गहिवरून येण्याचा मोह होतो. तो टाळला पाहिजे, कारण या व्यवस्थेला कुंपण होते.

गाळा गावाचा, म्हणजे व्यवहारात जातीचा. ज्या गावाने विहिरीवर बंदी घातली, त्या गावाच्या खोलीत दलित कामगाराला जागा कुठून असणार? गिरणीतही तेच. साचेखात्यात धोटा भरताना सुताचे टोक तोंडाने ओढून घ्यावे लागे, म्हणून सवर्ण कामगार तिथे अस्पृश्यांना येऊ देत नसत. पगार मात्र त्याच खात्यात चांगला. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे ठामपणे मांडला. बाबासाहेब स्वतः परळच्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या चाळीत अनेक वर्षे राहिले होते, त्यामुळे ही दाटी त्यांना आतून माहीत होती. दलित वस्त्यांनी आपली मंडळे, आपले जलसे आणि पुढे आपले विहार उभे केले, ते या वगळलेपणातून.

दुसरे कुंपण स्त्रियांचे. १९२० च्या दशकात गिरणी कामगारांत साधारण पाचांतली एक स्त्री होती. पुढे हे प्रमाण घटत गेले. गावकीच्या खोलीत तिला स्थान नव्हतेच. एकटी बाई चाळीत राहिली तर तिच्याबद्दल काय बोलले जाई, हे सांगायला नको. आणि ज्या पुरुषांना गाळ्याचा आधार होता, त्यांना त्याची किंमत द्यावी लागे. कुणी दारू प्यायला, कुणी जातीबाहेर लग्न केले, कुणाचे कुठे जाणे-येणे आहे, ही बातमी आठवड्याभरात गावी पोचे.

इथे मराठीतला एक भेद फार उपयोगाचा आहे. आपण एकटेपण आणि एकांत असे दोन वेगळे शब्द वापरतो. एकटेपण नकोसे असते, एकांत हवासा. गाळ्यातल्या माणसाच्या वाट्याला एकटेपण आले, एकांत मात्र कधीच आला नाही. तीस माणसांच्या खोलीत त्याला रडायलाही कोपरा नव्हता. वर्षातून दोनदा तो गावी जाई, तेव्हा घर पाहुण्यांनी आणि म्हाताऱ्या माणसांनी भरलेले असे. नवरा-बायकोने एकमेकांशी बोलायचे कधी आणि कुठे?

कूपनांचे कोडे मला इथे सुटले. वडिलांची कूपने अत्यंत रुक्ष आहेत. पैसे पाठवले आहेत. प्रकृती ठीक आहे. बियाणे वेळेवर घ्यावे. म्हशीचे काय झाले ते कळवावे. पंचवीस वर्षांत आईला उद्देशून मायेचा एकही शब्द नाही. पण ते कूपन कोण वाचत असे? आईला अक्षरओळख नव्हती. सुरुवातीला पोस्टमन ओट्यावर बसून मोठ्याने वाची आणि ऐकायला सासूसासरे, दीर, जावा, शेजारी. मी तिसरीत गेलो तेव्हापासून वाचन माझ्याकडे आले. पोस्टमनने किंवा स्वतःच्या मुलाने चारचौघांत वाचायच्या चार ओळींत माणूस काय लिहील? शिवाय लिहितानाही त्याच्या खांद्यावरून दोघे-तिघे पाहत असणार. म्हशीची चौकशी ही त्या परिस्थितीत करता येण्याजोगी सर्वांत जवळिकीची चौकशी होती.

(४)

मराठी साहित्याने शहरातल्या तुटलेपणाची दखल घेतली नाही असे नाही. पण ती कोणाच्या तुटलेपणाची घेतली, हे पाहिले पाहिजे.

जर्मन समाजशास्त्रज्ञ गेऑर्ग झिमेल याने १९०३ मध्ये महानगर आणि मनोव्यापार यांवर एक निबंध लिहिला, तो आजही या विषयात प्रमाण मानला जातो. महानगरात माणसावर क्षणोक्षणी इतक्या गोष्टी आदळतात की स्वतःला वाचवण्यासाठी तो मनावर अलिप्ततेचे एक कवच चढवतो, असे त्याचे म्हणणे थोडक्यात सांगता येईल. आपल्याकडे १९४७ मध्ये मर्ढेकरांचा ‘काही कविता’ हा संग्रह आला आणि यंत्रयुगातल्या माणसाची पोकळी मराठी कवितेत अवतरली. त्याच सुमाराला नवकथेने शहरी मध्यमवर्गीयाच्या मनातले कोपरे उजळले. पुढे समीक्षेत ‘परात्मता’ हा शब्द रुळला. हे सारे मोलाचे आहे. पण यातला एकटा माणूस बहुतेक वेळा कारकून, लेखक किंवा विद्यार्थी असतो. त्याला निदान विचार करण्यापुरती खोली असते. झिमेलचे कवच चढवायलाही दार लावता येणारी जागा लागते.

गिरणगावातला विरह लिहिला तो शाहिरांनी. अण्णाभाऊ साठे वाटेगावहून आईवडिलांबरोबर चालत मुंबईला आलेले. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत त्यांची जी छक्कड घरोघर पोचली, तीत गावी राहिलेल्या बायकोची आठवण काढणारा कामगार आहे. राजकीय मागणी सांगण्यासाठी अण्णाभाऊंनी हा विरह निवडला, कारण मैदानात बसलेल्या हजारो पुरुषांना तो समजावून सांगावा लागत नव्हता. जे स्वतःच्या बायकोला चार ओळींत लिहिता येत नव्हते, ते हजारोंबरोबर टाळ्या वाजवत म्हणता येत होते. नारायण सुर्वे यांना गंगाराम सुर्वे या गिरणी कामगाराने उचलून वाढवले. निवृत्त झाल्यावर गंगाराम गावी परतले आणि तो पोरगा मुंबईत एकटा उरला. ‘माझे विद्यापीठ’ १९६६ मध्ये आले, तेव्हा हा सारा पट्टा मराठी कवितेत आपल्या आवाजात बोलू लागला.

(५)

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात होते. तो संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही, विरत गेला. संपाच्या महिन्यांत असंख्य कामगार गावी निघून गेले. १८९६ च्या प्लेगमध्येही असेच घडले होते. लाखो लोकांनी मुंबई सोडली होती. १९८२ मध्ये गेलेल्यांपैकी अनेकांसाठी मात्र परतायला नोकरीच उरली नाही. पुढे १९९१ च्या विकास नियमावलीने गिरण्यांच्या जमिनींचे काय करायचे त्याला वाट करून दिली आणि चिमण्यांच्या जागी मनोरे आले. नीरा आडारकर आणि मीना मेनन यांनी या कामगारांच्या शंभर मुलाखतींचे पुस्तक २००४ मध्ये प्रसिद्ध केले, ते वाचताना मला पानोपानी आमच्या घरातले आवाज ऐकू येत होते.

वडील १९८२ च्या पावसाळ्याआधी ट्रंक घेऊन गावी आले. मी तेरा वर्षांचा होतो. लग्नाला पंचवीस वर्षे झालेली ती दोन माणसे पहिल्यांदाच सलग एका घरात राहू लागली. मला आठवते ते असे. वडील रात्री पडवीत वळकटी पसरून झोपत, उशाशी ट्रंक. घरात जागा होती, पण त्यांना भिंतीला लागून, चार फुटांत झोपायची सवय होती. पहाटे भोंग्याच्या वेळेला उठून बसत. जेवताना ताट संपवून लगेच उठत, कारण खानावळीत मागची पंगत ताटकळत असे. बोलायचे म्हणून आई काही विचारी, ते हो-नाही एवढेच सांगत. आई एकदा शेजारणीला म्हणाली होती, ‘त्यांका बोलूची सवयच रवली नाय.’ तेव्हा मला ते हसू आणणारे वाटले होते. गाळ्याने त्यांना आजारपणात सांभाळले, उपाशी राहू दिले नाही. पण दोन माणसांनी एकमेकांशी हळू आवाजात बोलणे ही गोष्ट त्या सगळ्या व्यवस्थेत कुठेच बसत नव्हती आणि ती न वापरल्याने हरवली.

आता ट्रंकेतल्या गठ्ठ्याकडे परत येतो. मे महिन्यातच एका दुपारी मी आईचा बिस्किटांचा डबा आणि वडिलांचा गठ्ठा शेजारी ठेवून महिनेवार जोडी लावायला बसलो. हिशेबनिसाची खोड. आई आता पंच्याऐंशी वर्षांची आहे, ती जवळच बसली होती. तिच्या उजव्या अंगठ्यावर विळ्याने कापल्याची आडवी खूण आहे. शाईच्या ठशात ती पांढऱ्या रेघेसारखी उमटते. गठ्ठ्यातल्या प्रत्येक अंगठ्यावर ती रेघ होती, १९६४ च्या फेब्रुवारीची पावती सोडून. तीवरचा अंगठा सपाट होता. त्यापुढच्या मार्च आणि एप्रिलच्या पावत्याच नव्हत्या, कूपनेही नव्हती.

आईला विचारले. ती म्हणाली, त्या वर्षी बाळंतपणात ती मरता मरता वाचली, मूल गेले. पोस्टमन आला तेव्हा तिला शुद्ध नव्हती, म्हणून जावेने अंगठा दिला. मुंबईला कळवायचे नाही असे सासऱ्यांनी ठरवले होते. मुलगा काम सोडून धावत येईल, ही भीती. पण पोच पोचली आणि त्यानंतरच्या बोटीने वडील देवगडला उतरले. रजा मिळाली नव्हती. दीड महिना राहिले. परत गेले तेव्हा कायमची जागा गेलेली होती, पुन्हा दोन वर्षे बदलीवर उभे राहावे लागले. ‘कोणी कळवलं तुम्हांला?’ असे तिने तेव्हा विचारले होते. ते काही बोलले नाहीत. साठ वर्षे तिची समजूत अशी की गावचा कुणीतरी बोटीने जाणारा सांगून गेला असेल.

मी ती पावती तिच्या हातात दिली. तिने आपला अंगठा शेजारी धरून पाहिला आणि पावती परत देत म्हणाली, ‘नीट ठेव.’

(६)

मी आज राहतो ती इमारत गिरणगावातल्याच एका जुन्या चाळीच्या जागेवर उभी आहे. माझे घर दहाव्या मजल्यावर. दार लावले की आवाज येत नाही आणि हा एकांत मला मोलाचा वाटतो. तो माझ्या आईवडिलांना मिळाला असता तर त्यांचे आयुष्य वेगळे झाले असते. पण दोन वर्षांपूर्वी आमच्याच मजल्यावर एकटे राहणारे एक वृद्ध गृहस्थ वारले, ते आम्हांला दारातल्या दुधाच्या पिशव्यांवरून तिसऱ्या दिवशी कळले. मी त्यांच्यापासून बारा पावलांवर राहत होतो. सोसायटीच्या नियमांत गाड्या कुठे लावायच्या याचे तपशीलवार कलम आहे. आजारी माणसाजवळ कुणी बसायचे, याचे नाही.

ब्रिटनने २०१८ मध्ये एकटेपणाच्या प्रश्नासाठी मंत्री नेमला, जपानने २०२१ मध्ये. वर्तमानपत्रांत ही नव्या युगाची बातमी म्हणून छापून आली. मला मंडळाची ती वही आठवली.

आमच्या इमारतीचा रात्रीचा वॉचमन बिहारचा आहे. दहा वाजता वर्दळ थांबली की तो पार्किंगमध्ये स्टुलावर बसून फोनवर बायकोचा चेहरा पाहत तासभर बोलतो. हसतो, भांडतो, मुलीला झोपवतो. जुन्या पद्धतीची मनीऑर्डर २०१५ मध्ये बंद झाली. त्याचे पैसे फोनवरूनच जातात. माझ्या वडिलांना जे जमले नाही ते त्याला रोज जमते आणि त्याचा मला मनापासून आनंद वाटतो. पण मागच्या पावसाळ्यात तो तापाने फणफणला, तेव्हा त्याला इस्पितळात न्यायला कुणी गाववाला नव्हता, खोलीवर सोबत नव्हती, कुणाची पाळी लागलेली नव्हती. त्याची बायको फोनवर सारे पाहू शकत होती, येऊ शकत नव्हती.

इतिहासाच्या वाचनातून मला एवढेच उमगले आहे. शहरात माणसाला दोन गोष्टी लागतात. ज्याच्याशी मनातले बोलता येईल असा एकांत लागतो आणि अडल्यावेळी ज्याच्यावर येण्याची जबाबदारी आहे असा माणूस लागतो. वडिलांच्या पिढीला दुसरी गोष्ट मिळाली, तीही कुंपणाच्या आत; पहिली मिळाली नाही. आपल्याला पहिली मिळाली आहे आणि दुसरी आपण वहीतून खोडून टाकली आहे. ती आपोआप परत येणार नाही. तेव्हाही ती आपोआप आली नव्हती. कुणीतरी सभा बोलावली होती, वर्गणी ठरवली होती.

गेल्या महिन्यात सोसायटीच्या सभेत मी एक ठराव मांडला. मजल्यावर एकटे राहणाऱ्या माणसाची रोज एकदा चौकशी करण्याची पाळी लावावी आणि इमारतीत काम करणाऱ्यांनाही त्यात धरावे. सात जणांनी हात वर केले. आमच्या इमारतीत ८८ घरे आहेत. आकडा लहान आहे, पण मी तो वहीत लिहून ठेवला आहे.